ओव्हनमुळे एमसीबी पडतोय, 32 चा टाकू का?

नमस्कार मंडळी,

डोंबिवलीत आमचा 1997 सालचा फ्लॅट. गेल्या महिन्यात ओट्याखाली बसणारा ओव्हन घेतला. मागच्या पाटीवर 230 व्होल्ट, 2800 वॅट लिहिलंय. नानकटाई झकास होते (आई अजूनही म्हणते, बेकरीत पीठ नेऊन भाजून आणलेलीच चांगली). पण ओव्हन चालू असताना शेजारच्या सॉकेटवर 2000 वॅटचं इंडक्शन लावलं की दहा-पंधरा मिनिटांत स्वयंपाकघराचा 16 अँपिअरचा एमसीबी (जास्त करंट गेला की आपोआप पडणारा स्विच) पडतो. ओव्हनचा प्लगही हात लावला तर चांगलाच गरम लागतो.

वायरमन म्हणतो, "32 चा टाकतो, परत पडणार नाही." भिंतीतली वायर दीडची (दीड चौरस मिमी) आहे. बिलावर मंजूर भार 2 किलोवॅट. टाकू द्यावा का?

प्रतिसाद

अजिबात नको. दोन्ही मिळून 4800 वॅट, म्हणजे जवळजवळ 21 अँपिअर. एमसीबी पडतो तो वायर वाचवायला. दीडच्या वायरवर 32 चा बसवलात तर वायर भिंतीत भाजत राहील आणि एमसीबी गप्प बसेल.

ओव्हनला डीबीपासून (घरातल्या एमसीबींच्या पेटीपासून) वेगळी लाइन ओढा: तांब्याची वायर, 20 चा एमसीबी. अडीचची चालते, पण भिंत एकदाच फोडायची तर मी चारची घालेन. इंडक्शनही तिच्यावर नको, त्याची लाइन निराळी. सॉकेट ओव्हनच्या पाठीमागे न घेता बाजूच्या कपाटात घ्या, नाहीतर बंद करायला दर वेळी ओव्हन ओढून काढावा लागेल. प्लग तापतोय म्हणजे सॉकेटची पकडही ढिली झाली असणार. मंजूर भार वाढवायचा अर्जही आत्ताच करून टाका.

आणि अर्थिंग आहे का ते बघा. जुन्या इमारतीत काही जण सॉकेटमध्येच न्यूट्रल आणि अर्थ जोडून देतात. न्यूट्रल तुटला तर ओव्हनच्या पत्र्यालाच करंट. 30 मिलीअँपिअरचा आरसीसीबी (करंट गळला की लगेच लाइन तोडणारा स्विच) नसेल तर तोही बसवून घ्या.

धागाकर्ता

धन्यवाद. मेन बंद करून प्लेट उघडली. अर्थच्या भोकाला वायरच नाही! आता कळलं, ओल्या हाताने ओव्हनचं दार उघडताना झिणझिण्या का यायच्या. आई म्हणायची, मी म्हणायचो भास होतोय. ओव्हन बंद करून ठेवलाय.

आता अर्थ आणायचा कुठून? आम्ही तिसऱ्या मजल्यावर, मीटर खाली जिन्याजवळ. तिथून वर वायर ओढायची तर सोसायटीची परवानगी लागते का? कुणी केलंय?