मदत हवी आहे: चेकची मुदत गेली, तंबाखूचे पैसे आता कसे वसूल करावेत?

नमस्कार मंडळी. कर्नाटकातल्या निपाणीजवळच्या आमच्या मामांनी एका व्यापाऱ्याला उधारीवर तंबाखू दिली. त्याचा चेक बाउन्स झाला. बँकेचा मेमो आल्यापासून 30 दिवसांत लेखी नोटीस द्यायला हवी होती, पण व्यापारी 'दिवाळीनंतर देतो' म्हणत राहिला आणि मामा थांबले. फौजदारी तक्रारीला झालेला उशीर कोर्ट माफ करू शकतं, नोटिशीचा नाही. चेकचे 3 महिनेही संपले, त्यामुळे तो परत भरता येत नाही. म्हणजे चेक बाउन्सच्या फौजदारी खटल्याची, कलम 138 ची वाट बंदच.

उरला दिवाणी दावा. तो घालायची मुदत, माल दिल्यापासूनची 3 वर्षं, येत्या मार्चमध्ये भरते, याचीच धास्ती आहे. मुदतीच्या आत सहीनिशी लेखी कबुली मिळाली तर मुदत कायद्याच्या कलम 18 नुसार ती नव्यानं मोजतात. व्यापारी सही देत नाही. व्हॉट्सॲपवर मात्र 'बाकी आहे, देतो' असं त्यानं लिहिलंय. आजवर एक रुपयाही आलेला नाही. गावातल्या पंचांकडून सांगून झालं. पट्टी (मालाच्या हिशेबाची पावती) आहे, तीही मराठीत.

असा मेसेज सहीची कबुली म्हणून निपाणी-चिक्कोडीकडच्या कोर्टात धरला गेल्याचा कुणाला अनुभव आहे का, की मार्चआधी दावा घालावाच? आणि मराठी पट्टीचं कन्नड भाषांतर दाव्यासोबतच जोडावं लागतं का?