आयकिडो: डोजो लांब असेल तर पुस्तकांवरून किती शिकता येईल?

नवखा
आयकिडो ही जपानी युद्धकला शिकायची आहे, पण जवळचा डोजो (सरावाची शाळा) नव्वद किलोमीटरवर आहे. महिन्यातून एकदाच जाणं जमेल. मधल्या दिवसांत पुस्तकं बघून काय करावं, काय टाळावं? आयकिडोचे संस्थापक मोरिहेई उएशिबा यांची वचनं वाचली, पण त्यांचा सरावाशी संबंध लागत नाही.

वाटसरू
एकट्याने पहिल्यांदा ताई नो हेन्को (अंग वळवण्याचा मूळ सराव) करा. डावा पाय पुढे. समोरच्याने उजव्या हाताने तुमचं डावं मनगट धरलंय असं समजा. डावा पाय त्याच्या पुढच्या पायाच्या बाहेरच्या अंगाला सरकवा, चवड्यावर फिरा आणि उजवा पाय मागे घ्या. वळण १८० अंशांचं. शेवटी दोघं शेजारी, एकाच दिशेला तोंड करून. तुमचे तळवे वर, कोपरं अंगाजवळ.

पुस्तकातल्या फोटोंत सुरुवात आणि शेवट दिसतो, मधलं वळण हरवतं. त्यामुळे वाचणारा धरलेला हात ओढायला लागतो. हात जागेवरच राहिला पाहिजे, त्याच्याभोवती कंबर फिरली पाहिजे. आणि वजन टाचेवर ठेवून वळलात तर पाऊल अडकतं, सगळा पीळ गुडघ्यात जातो.

दुसरं, शस्त्रं. ‘जो’ (लाकडी काठी) साधारण १२८ सेंमी, बोक्केन (लाकडी तलवार) १०२ सेंमीच्या आसपास. उएशिबांचे शिष्य मोरिहिरो साइतोंनी ‘जो’चे २० आणि बोक्केनचे ७ सुबुरी (एकट्याने करायचे वार) लावून दिलेत. त्यांच्या पुस्तकाच्या पाच खंडांत ते फोटोंसह आहेत. बोक्केन करंगळी-अनामिकेने घट्ट, तर्जनी सैल. वार खांद्याच्या जोरावर थांबवू नका, शेवटी करंगळी आवळून पोटाच्या उंचीवर थांबवा. (छताचा पंखा आधी बघून घ्या!)

कोपरा
वाटसरूंशी सहमत. आता टाळायचं काय ते. घरच्या कुणावर शिहो-नागे, कोते-गाएशी, निक्यो ही फेकण्याची आणि मनगट पिळण्याची तंत्रं अजिबात करू नका. शिहो-नागेत समोरच्याचा हात त्याच्याच खांद्यामागे दुमडून त्याला मागे पाडतात. पडायचं कसं हे त्याला येत नसेल तर डोक्याची मागची बाजू आधी आपटते. हात खांद्यापासून बाहेर गेला तर कोपर आणि खांदा दुखावतो.

इक्क्यो या हात दाबून खाली नेण्याच्या तंत्राच्या फोटोतही फसगत होते. मनगट पिरगाळल्यासारखं दिसतं, पण खरं काम कोपरावर चालतं: ते समोरच्याच्या चेहऱ्याच्या दिशेने ढकलायचं, मग खाली. हे डोजोत हाताखाली अनुभवल्याशिवाय कळत नाही.

उकेमी (न लागता पडणं) घरी करायचीच तर उकिडवं बसून मागे लोळण्यापुरती. हनुवटी छातीला, पाठ गोल, आणि एका खांद्यावरून; मानेवरून कधीच नाही.

अयाबे
वचनांबद्दल. ती भाषणांतून आणि लेखनातून वेचलेली आहेत, आगापिछा सुटलेला आहे. उएशिबा १९१५ पासून ताकेदा सोकाकूंकडे दाइतो-र्यू ही जुजुत्सूची शैली शिकले, १९२० मध्ये अयाबे गावी ओमोतो या धर्मपंथाचे नेते देगुची यांच्याजवळ राहायला गेले. म्हणून त्यांच्या बोलण्यात शिंतो देवता आणि कोतोदामा (उच्चारांतली दैवी शक्ती) सतत येतात. आयकिडोतला ‘आय’ म्हणजे जुळणं. त्याच उच्चाराच्या ‘प्रेम’ या शब्दाशी त्यांनी पुढे त्याचं नातं जोडलं.

सुरुवात उएशिबांच्या मुलाच्या, किश्शोमारूंच्या ‘द स्पिरिट ऑफ आयकिडो’पासून करा, भाषा सरळ आहे. नंतर उएशिबांचं स्वतःचं १९३८ चं ‘बुडो’ उघडा. त्यात इक्क्योची सुरुवात तंत्र करणारा स्वतः करतो, चेहऱ्याकडे हात टाकून. समोरच्याला तो अडवावा लागतो. आज बहुतेक ठिकाणी वार आधी समोरच्याचा येतो. दोन्ही प्रकार शेजारी ठेवून वाचा, वचनांतल्या ‘शांतता’ या शब्दामागे किती करारीपणा आहे ते तिथे दिसतं.

आयकिडोतल्या ‘की’ला लगेच प्राण म्हणून मोकळं होऊ नका. सरावात आधी वेळ आणि अंतर बघा: समोरच्याचा हात निघता निघता तुमचं पाऊल पडलं की नाही. पुढच्या महिन्यात डोजोत गेल्यावर शिक्षकांना नेमकं हेच विचारा.