‘प्रवाळांचे विरंजन’ : या शब्दातून नेमकं काय पोचतं?

अमळनेरहून (भूगोल शिकवते)
नववीच्या मुलांसाठी लक्षद्वीपवर टिपण लिहिते आहे. बातम्यांत सगळीकडे ‘प्रवाळांचे विरंजन’ असं छापून येतं. विरंजन म्हटलं की मुलांना विरंजक चूर्ण आठवतं. एकाने विचारलंच, ‘समुद्रात ब्लीचिंग पावडर कोण टाकतं?’ त्यात आमच्या गावात मंगळग्रहाचं मंदिर, त्यामुळे पोवळ्याची अंगठी सगळ्यांच्या ओळखीची. प्रवाळ म्हणजे लाल खडा आणि तो पांढरा होतो, एवढंच त्यांच्या डोक्यात उतरतं. दुसरा शब्द सुचवाल का?

जळगावहून (सराफी)
ताई, आधी खड्याचा घोळ सोडवू. ‘पोवळं’ हे ‘प्रवाल’ याच शब्दाचं घरगुती रूप, पण माल वेगळा. अंगठीतलं नावाजलेलं लाल पोवळं भूमध्य समुद्रातलं, बाजारात त्याला ‘इटालियन’ म्हणतात. ते कमी उजेडाच्या पाण्यात अतिशय सावकाश वाढतं आणि प्रवाळभित्ती (सांगाड्यांचे थर साचून समुद्रात उभा राहणारा बांध) बांधत नाही. त्याचा लाल रंग सांगाड्यातच असतो, म्हणून प्राणी मेल्यावरही टिकतो. तेव्हा बातमीतलं पांढरं होणं खड्याला लागू नाही. मुलांना सांगायचं तर अंगठीला ‘पोवळं’ आणि समुद्रातल्या इवल्या प्राण्यांच्या जिवंत वसाहतीला ‘प्रवाळ’, असं वेगळं ठेवा.

धुळ्याहून (प्राणिशास्त्र)
सराफदादांनी मुद्द्यावर बोट ठेवलं. भित्ती बांधणाऱ्या प्रवाळाचा सांगाडा चुन्याचा, पांढराच असतो. वर दिसणारा तपकिरी-हिरवा रंग बहुतांशी त्याच्या पेशींत राहणाऱ्या एकपेशीय शैवालाचा. हे शैवाल उन्हावर अन्न तयार करतं आणि त्यातला मोठा वाटा यजमानाला देतं, काही प्रवाळांत गरजेच्या ९० टक्क्यांपर्यंत. पाणी फार तापलं की हा व्यवहार बिघडतो, शैवालातून घातक रसायनं निघू लागतात आणि प्रवाळ त्याला अंगाबाहेर टाकतो. उरतो तो पारदर्शक प्राणी आणि त्यातून दिसणारा पांढरा सांगाडा. तो मेलेला नसतो, उपाशी असतो. काही आठवड्यांत पाणी निवलं तर शैवाल परत वसतं, नाही निवलं तर तो मरतो.

‘विरंजन’ या शब्दात ही उपासमार कुठेच नाही. विरंजन कापडाचं होतं, कागदाचं होतं, आणि ते करणारा कोणी असतो.

यावलहून (केळी बागायत)
एक विचारतो. आमच्याकडे मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो. समुद्राचं पाणी ३० चं ३१ झालं तर एवढं काय बिघडतं?

धुळ्याहून
दादा, आपल्याकडे दुपारी ४५ असलं तरी पहाटे उतरतं. समुद्राचं तसं नाही. नेहमीच्या सर्वांत उष्ण महिन्याच्या सरासरीपेक्षा पाणी एकाच अंशाने जास्त तापलं आणि चार आठवडे तसंच राहिलं, की प्रवाळ पांढरे पडू लागतात. प्रवाळ जागचा हलत नाही, सावलीला जात नाही. लक्षद्वीपला १९९८, २०१० आणि २०१६ मध्ये हे झालं, २०२४ मध्ये पुन्हा. दोन तडाख्यांमधलं अंतरच कमी पडतं, भित्ती सावरायला वेळ मिळत नाही. विरंजनाची जगभरातली चौथी लाट एप्रिल २०२४ मध्ये जाहीर झाली.

आणि बिघडतं ते एवढं : समुद्रतळाच्या एक टक्क्याहूनही कमी जागेत या भित्ती आहेत, तरी समुद्रातल्या सुमारे पाव जाती आयुष्यात कधी ना कधी त्यांच्या आश्रयाला असतात. लक्षद्वीपची जमीनच प्रवाळाची, समुद्रापासून दोन-चार हात वर. भित्तीवर लाट फुटते म्हणून आत माणसं राहू शकतात. तिथले कोळी टुना गळाने पकडतात, त्यासाठी लागणारी आमिषाची बारीक मासळीही तिथल्या खाजणातून (भित्तीच्या आतल्या उथळ पाण्यातून) आणि भित्तीवरूनच येते. जागतिक तापमानवाढ दोन अंशांवर गेली तर ९९ टक्क्यांहून अधिक प्रवाळभित्ती जातील, असा शास्त्रज्ञांचा अंदाज आहे. हे मला साधं नुकसान वाटत नाही.

भुसावळहून (भाषांतर करते)
परिभाषा म्हणून ‘विरंजन’ रुळलाय, परीक्षेत तोच येणार. तो काढू नका. पण वाक्यात क्रियापद वापरा : ‘प्रवाळ पांढरे पडले’. मराठीत पांढराफटक पडतो तो जिवंत माणूस, भीतीने किंवा रक्त कमी झाल्याने. तो सावरू शकतो, हेही त्यातच आलं. ‘पांढरे झाले’ लिहू नका, त्यात आजार दिसत नाही.

आणखी एक जागा सांभाळा. आत राहून पोसतं ते ‘शैवाल’, आणि प्रवाळ मेल्यावर सांगाड्यावर चढतं त्याला लोक ‘शेवाळ’ म्हणतात. शब्द मुळात एकच, पण टिपणात पहिल्यासाठी ‘शैवाल’ आणि दुसऱ्यासाठी ‘शेवाळ’ असंच ठेवलंत तर मुलं गोंधळणार नाहीत.

अमळनेरहून
सगळ्यांचे आभार. असं लिहिते : ‘पाणी तापल्यामुळे अंगातलं शैवाल गमावून प्रवाळ पांढरे पडतात आणि उपाशी राहतात, याला विरंजन म्हणतात. पाणी वेळेत निवलं नाही तर ते मरतात आणि सांगाड्यावर शेवाळ चढतं.’

भुसावळहून
‘गमावून’ऐवजी ‘बाहेर टाकून’ करा. टाकतो तो प्रवाळच.