सल्ला हवा: जुन्या इंग्लंडमधला पिठा रंगमंचावर उभा करायचाय

आळीतली_सखू
मंडळी, इथल्या मराठी मंडळाच्या स्नेहसंमेलनासाठी पाऊण तासाची एकांकिका लिहायला घेतली आहे. स्थळ इंग्लंड, काळ १६०० ते १७५० यांच्यामधला कुठलातरी, सगळा प्रसंग दारू मिळते अशा एकाच ठिकाणी. सहा पात्रं, नेपथ्याला पैसे जवळजवळ नाहीत. सिनेमात दिसतो तो लांबलचक काउंटर, ढेरपोट्या मालक आणि टेबलावर चढून गाणारे खलाशी नको आहेत. साल कुठलं धरू, वाचू काय, आणि लंडनमध्ये (मी इथेच राहते) काय बघून येऊ? विकिपीडिया झालाय, त्यापुढचं सांगा.

खडूची_रेघ
आधी जागा ठरवा, साल आपोआप ठरेल. त्या काळी तीन प्रकार होते. इन म्हणजे मुक्कामाची सोय, घोड्यांना तबेला, खिशात बरे पैसे असलेलं गिऱ्हाईक. टॅव्हर्न म्हणजे वाइन, अर्थात शहरातली वकील-व्यापारी मंडळी. १५५३च्या कायद्याने अख्ख्या लंडनला फक्त ४० टॅव्हर्न मंजूर केली होती. आणि एलहाऊस म्हणजे एल-बिअर विकणारी, कुणाच्या तरी राहत्या घराची पुढची खोली. १५७७ मध्ये कर बसवायला देशातल्या बऱ्याच भागांत मोजदाद झाली तेव्हा १४,२०२ एलहाऊसं, १,६३१ इन आणि ३२९ टॅव्हर्न नोंदली गेली. मजूर, गडीमाणसं, फेरीवाले, नवऱ्याला हुडकत आलेली बायको, सगळी एका खोलीत आणायची तर एलहाऊसच घ्या.

साल १६३१ धरा. १६३०चं पीक बुडालं, बार्ली महागली. गरिबाची भाकरीही तिचीच आणि बिअरसाठी माल्ट, म्हणजे मोड आणून वाळवलेलं धान्य, तेही तिचंच. म्हणून जानेवारी १६३१ मध्ये गावोगावच्या जस्टिस ऑफ द पीसना, म्हणजे स्थानिक दंडाधिकाऱ्यांना, छापील हुकूम गेले, त्यात गरजेपेक्षा जास्त असलेली एलहाऊसं बंद करण्याचंही होतं. आता गोम अशी की एलहाऊस चालवणारी पुष्कळदा विधवा असे. परवाना तिला याच जस्टिस लोकांनी दिलेला, नाहीतर ती पॅरिशच्या (चर्चच्या हद्दीतल्या वस्तीच्या) गरीब-फंडावर पडली असती. बंद करा तर तिला पोसा, चालू ठेवा तर धान्य पिंपात. तुमचा जस्टिस तिच्याच बाकावर बसून हा निवाडा करतोय, असं दाखवा.

परागंदा_फिरस्ता
बघायचं म्हणाल तर साउथवार्कचा जॉर्ज इन. १६७६च्या आगीनंतर पुन्हा बांधलेला, सज्जे असलेला लंडनमधला एकमेव उरलेला इन. इतर बाजू रेल्वेने पाडल्या, एकच शिल्लक आहे. अशाच अंगणांमध्ये पूर्वी नाटकं व्हायची, त्यामुळे नाटकवालीने एकदा तिथे उभं राहावंच. पण तो इन आहे, एलहाऊस नव्हे. बुटकी दारं आणि करकरणाऱ्या फळ्या मनात साठवा, नेपथ्य उचलू नका.

दुसरं, सर जॉन सोन म्युझियम. प्रवेश फुकट. होगार्थ या इंग्रज चित्रकाराच्या उधळ्या पोरावरच्या चित्रमालिकेत टॅव्हर्नचा प्रसंग आहे. पोरगा पाय टेबलावर टाकून लोळतोय, एक बाई त्याचं घड्याळ लांबवतेय आणि मागे दुसरी भिंतीवरच्या जगाच्या नकाशाला मेणबत्तीने आग लावतेय. हे चित्र १७३०च्या दशकातलं, म्हणजे तुमच्या विधवेच्या शंभर वर्षं नंतरचं. तरी माणसं बसतात कशी, सांडतात काय, हे शिकायला त्याच्यासारखं काही नाही.

गावठी_संशोधक
माझं मत वेगळं. विधवा, दुष्काळ, निवाडा... स्नेहसंमेलनात जेवणाआधी हे? १७३६ घ्या, जिनचं साल. सरकारने जिन विकायला वर्षाला ५० पौंडांचा परवाना आणि गॅलनला २० शिलिंग कर लावला. परवाने जवळपास कुणीच घेतले नाहीत. कायदा लागू होताना लोकांनी ‘मादाम जिनीव्हा’ची (जिनचं टोपणनाव) खोटी प्रेतयात्रा काढली. खबऱ्यांना बक्षीस होतं आणि खबरे सापडले की लोक त्यांना बडवून काढत.

आणि मांजर! डडली ब्रॅडस्ट्रीट नावाच्या आयरिश उपद्व्यापी गृहस्थाने एका गल्लीत घर मिळवलं, खिडकीत मांजराची पाटी ठोकली आणि तिच्या पंजाखालून शिशाची नळी बाहेर काढली. गिऱ्हाईक मांजराच्या तोंडात नाणं टाकून म्हणणार, ‘मनी, दोन पेन्सची जिन दे’, आणि आत बसलेला हा नरसाळ्यातून ओतणार. घर कुणाच्या नावावर आहे हे सांगता आल्याशिवाय खबऱ्याला तक्रार करता येत नव्हती, म्हणून हा खटाटोप. हे त्याने स्वतःच लिहून ठेवलंय, तेव्हा थोडं तिखटमीठ धरून चला. पुठ्ठ्याचं मांजर, एक नळी, झालं नेपथ्य.

खडूची_रेघ
मांजर झकास आहे, पण पाऊण तास पुरेल? जिनच्या काळात गेलात तर मांजरामागे काय होतं तेही वाचा. ओल्ड बेली या लंडनच्या फौजदारी कोर्टातल्या खटल्यांचे छापील वृत्तांत १६७४पासून पुढचे ऑनलाइन फुकट आहेत, शब्द टाकून शोधता येतात. १७३४चा ज्युडिथ डीफोरचा खटला काढा. दोन वर्षांच्या स्वतःच्या मुलीला मारून तिचे नवे कपडे विकले आणि त्या पैशांची जिन प्यायली. माझा सल्ला: वाचा, पण रंगमंचावर आणू नका.

आळीतली_सखू
विधवा पक्की. (मांजर पुढच्या वर्षी.) आता तपशील. खोलीत असायचं काय? आणि पाणी घाण होतं म्हणून सगळे बिअर प्यायचे, हे खरं का?

खडूची_रेघ
पाण्याचं ते फार ताणलेलं आहे. लोक विहिरीचं, झऱ्याचं पाणी पीत. लंडनमध्ये नळ-हौदांवर पैसा खर्च होत होता तो काय शोभेला? बिअर प्यायची कारण तिच्यात पोटाला आधार होता आणि चार माणसांत बसायला निमित्त. घरच्या पोराटोरांना, नोकरांना मिळायची ती स्मॉल बिअर, अगदी सौम्य.

खोलीत काउंटर नको, तो पुष्कळ नंतरचा. बाई आत जाऊन पिंपातून भरून आणणार. दोन बाकं, एक फळीचं टेबल, चूल. चामड्याचे, आतून डांबर लावलेले बिअरचे जग, मातीच्या चिलमी, भिंतीवर डकवलेली छापील गाणी, वर लाकडी ठशाचं चित्र. आणि दाराशेजारी खडूने मांडलेली उधारी. वाचता येत नसलं तरी आपल्या रेघा किती हे प्रत्येकाला पाठ.

कायद्याचे तुकडे संवादात पेरा. १६०४च्या कायद्याने उत्तम बिअर एका पेनीला पूर्ण क्वार्ट (लिटरहून थोडी जास्त) द्यायचीच, कमी मोजली तर २० शिलिंग दंड. १६०६पासून झिंगलेला सापडला तर ५ शिलिंग, नसतील तर सहा तास खोड्यात. परवान्याच्या जामिनात अटी असायच्या: प्रवचनाच्या वेळी विक्री नाही, पत्ते-फासे नाहीत, परक्याला एका रात्रीहून जास्त थारा नाही. प्रवेश चालू असताना यातली प्रत्येक अट मोडली जाऊ द्या, कुणी त्यावर बोलायची गरज नाही.

मूळ कागद हवे असतील तर क्लर्कनवेलच्या लंडन अर्काइव्हजमध्ये मिडलसेक्सच्या न्यायसत्रांची दप्तरं आहेत. अक्षर मात्र आपल्या मोडीइतकंच छळतं.

माडावरचा_रेंदेर
अवांतर: गोव्याचा संबंध कुणीच काढला नाही? अठराव्या शतकात लंडनच्या पंच-हाऊसांत (दारूत लिंबू, साखर, पाणी घालून केलेला पंच मिळे तिथे) ‘गोवा अ‍ॅरक’ म्हणजे आमची माडाची दारू नावाजलेली होती, बटाव्हियाच्या (आजच्या जकार्ताच्या) अ‍ॅरकशी तिची तुलना व्हायची. जेम्स अ‍ॅशलीने १७३१ मध्ये लडगेट हिलवर पंच-हाऊस थाटलं, तिथे अ‍ॅरकचा पंच मिळे. पुढच्या वर्षी मांजर कराल तेव्हा मांजरासमोर गोव्याची बाटली घेऊन एक खलाशी उभा करा.

परागंदा_फिरस्ता
सखूताई, एक प्रसंग सुचवतो. कुणाच्या नावाने प्याला उचलला आणि एखाद्याने प्यायला नकार दिला, तर तो अपमान समजत आणि मारामारीपर्यंत जाई. प्युरिटन, म्हणजे कडक धर्मनिष्ठ प्रोटेस्टंट, माणूस ते पिणं पापच मानणार. तुमच्या सहा जणांत एक प्युरिटन ठेवा आणि दुसऱ्याने राजाच्या नावाने प्याला उचलू द्या. १६६० मध्ये तर चार्ल्स दुसऱ्याने गादीवर येताच, आपल्या नावाने पीत हिंडणाऱ्या छचोर लोकांविरुद्ध स्वतःच फर्मान काढलं.

आळीतली_सखू
प्युरिटन घेतला, जस्टिसचा मेहुणाच करते त्याला. खोडा सुताराकडून करून घेणं परवडणार नाही. कुणाकडे थर्माकोलचा जुना मखर पडून असेल तर व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा.