ब्रॅडफर्डची वही लंडनला कशी गेली

अमेरिकेचा इतिहास जेमतेम चारशे वर्षांचा, म्हणून त्यांना सगळं पहिल्यापासून जपता आलं, असं म्हटलं जातं; ते निम्मंच पटतं. इंग्लंडहून वसाहतकऱ्यांना अमेरिकेत घेऊन आलेल्या मेफ्लॉवर या जहाजावरून कोण कोण आलं, हे आज नावानिशी सांगता येतं ते मुख्यतः त्यांच्या प्लिमथ वसाहतीचा गव्हर्नर विल्यम ब्रॅडफर्ड याच्या हस्तलिखितामुळे. १६३० ते १६५१ च्या दरम्यान त्याने ते लिहिलं, शेवटी प्रवाशांची यादीही दिली. हीच वही पुढे जवळपास ऐंशी वर्षं बेपत्ता होती! बॉस्टनच्या ओल्ड साउथ चर्चच्या मनोऱ्यात तिथला पाद्री थॉमस प्रिन्स याचा ग्रंथसंग्रह होता, त्यात ती होती. स्वातंत्र्ययुद्धात ब्रिटिश घोडदळाने त्या चर्चची चक्क घोडे फिरवायची जागा केली, आणि त्या धामधुमीच्या काळात वही गेली.

सापडली ती १८५५ मध्ये, लंडनच्या बिशपच्या फुलहॅम इथल्या ग्रंथालयात. तीही कुणी शोधायला गेलं म्हणून नव्हे. अमेरिकेतल्या चर्चच्या इतिहासावरच्या एका इंग्रजी पुस्तकात फुलहॅमच्या हस्तलिखितातले उतारे होते, ते वाचताना बॉस्टनच्या अभ्यासकांना भाषा ओळखीची वाटली. ओळखीची, कारण ब्रॅडफर्डच्या बायकोचा भाचा नॅथॅनिएल मॉर्टन याने त्यातला बराच मजकूर आधीच उतरवून घेतला होता. (नकलून ठेवणाऱ्यांना आपण उगाच कमी लेखतो.) १८५६ मध्ये मजकूर छापला गेला, पण मूळ वही परत मिळायला १८९७ उजाडलं, आणि तेही लंडनच्या धर्मन्यायालयाचा हुकूम घेऊन. आता ती मॅसॅच्युसेट्सच्या राज्य ग्रंथालयात आहे.