तोसमैदान: लष्कर गेलं तरी कुरण मोकळं का नाही?

सड्याखालचा_राजापूर:
मे महिन्यात काश्मीरला गेलेलो, बडगाम जिल्ह्यातल्या तोसमैदानला. घोडेवाला सारखा सांगत होता, वाट सोडू नका आणि लोखंडाचा तुकडा दिसला तर हात लावू नका. १९६४ पासून तिथे तोफांचा सराव चालायचा, २०१४ ला करार संपला तो परत केला नाही म्हणे. मग अजून भीती कसली? आमच्या वाडीची सगळी गुरं पावसाळाभर सड्यावर, म्हणजे वरच्या कातळाच्या पठारावर असतात, त्यामुळे हे डोक्यातून जातच नाहीये.

तोफखाना_खेड:
मी तोफखान्यात होतो, आता गावीच असतो. मारलेले सगळे गोळे फुटत नाहीत. फ्यूज, म्हणजे गोळा फोडणारी कळ, चालला नाही की गोळा तसाच मातीत घुसतो. मग बर्फ वितळलं, पाऊस पडला, माती वाहून गेली की कधीतरी वर येतो, गंजलेला, मातकट, गुराख्याच्या पोराला ते भंगारच वाटणार. २०१४ ला लष्कराने साफसफाई केली, तरी २०१८ मध्ये तिथे स्फोटात माणूस गेलाच. सराव लागतोच, त्यात दुमत नाही. पण शेवटचा गोळा काढेपर्यंत सराव संपला असं धरूच नये.

माहेर_सावंतवाडी:
काका, पटलं, पण सराव चालू असतानाचंही बघा ना. ठरल्या दिवशी घर सोडायचं म्हणजे अंथरुणाला खिळलेली म्हातारी, गाभण गाय, वाळत घातलेलं धान्य सगळं कुठे न्यायचं? १९३८ चा फील्ड फायरिंगचा, म्हणजे मोकळ्या रानातल्या गोळीबार सरावाचा कायदा आहे, त्यात नुकसानभरपाई आहे, पिकाची ठरवतासुद्धा येते. पण रानात चरायला जाणाऱ्या ज्या माणसाच्या नावावर सातबाराच नाही त्याने कुठला कागद दाखवायचा? झारखंडच्या नेतरहाट पठारावरचे आदिवासी म्हणूनच १९९४ च्या मार्चमध्ये बायकापोरांसकट रस्त्यावर बसले आणि लष्कराच्या गाड्या माघारी गेल्या. तरी तिथल्या सरावाची मुदत पुढे न वाढवायचा निर्णय व्हायला २०२२ उजाडलं, तोवर दरवर्षी मार्चमध्ये लोक जमतच होते. एवढा धीर कुठून आणतात माहीत नाही, मला फार मोठं वाटतं ते.

सड्याखालचा_राजापूर:
ताई, नेतरहाटचं माहीतच नव्हतं. काका, समजा असं काही दिसलंच तर नेमकं काय करायचं?

तोफखाना_खेड:
उचलायचं नाही, काठीने ढोसायचं नाही, दगड तर मारायचाच नाही. आलात त्याच वाटेने मागे फिरा, लांबवर झाडाला फडकं बांधून खूण करा, गुरं वळवा आणि पोलिसांना कळवा. पोरांना हे आधीच सांगून ठेवा.