निळी मुंबई

पायल कपाडियाच्या 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट' या सिनेमातली मुंबई फिल्टर लावल्यासारखी उगाच निळी दिसते, असं काही जण म्हणतात. मला नाही पटलं. पावसाळ्यात घरांच्या छपरांवर, टपऱ्यांवर ताणलेल्या ताडपत्र्या आठवा. पावसाळाभर हे शहर निळंच असतं हो! सिनेमाचा छायालेखक रणबीर दासने तोच रंग उचललाय.

त्याचं आधीचं काम बघा: पायल कपाडियाचाच 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग' (2021). कॅमेराही त्याचा, संकलनही. बहुतेक कृष्णधवल, भरपूर ग्रेन (चित्रातला रवाळपणा), वसतिगृहातल्या रात्री. अंधाराला तो घाबरत नाही हे तिथेच कळतं. (लॅपटॉपवर ब्राइटनेस कमी ठेवून बघितलात तर मात्र काही दिसणार नाही, हे कबूल.)

2024च्या 'ऑल वी इमॅजिन...'मध्ये नर्स प्रभा रात्री जमिनीवर बसून एक लाल राइस कुकर पोटाशी धरते, तो प्रसंग परत बघा. सगळ्या निळ्या-करड्यात लाल तेवढा एकच. पुढे हॉस्पिटलात स्वयंपाक करणाऱ्या पार्वतीबरोबर (छाया कदम, झकास!) गोष्ट रत्नागिरीकडे जाते, तेव्हा उजेड मोकळा होतो आणि जांभ्याची तांबडी माती दिसायला लागते. आमच्या कोकणाचं पोस्टकार्ड केलं नाही, याबद्दल त्याला वेगळे मार्क.